ऋत्विक घटक

ऋत्विककुमार घटक (४ नोव्हेंबर, १९२५, ढाका – ६ फेब्रुवारी, १९७६, कोलकाता) हे बंगाली चित्रपट दिग्दर्शक, पटकथाकार, नाटककार, कथालेखक व अभिनेते होते. सत्यजित राय आणि मृणाल सेन यांच्यासह त्यांची गणना भारतीय समांतर चित्रपटाच्या प्रमुख प्रवर्तकांत होते. सुमारे पंचवीस वर्षांच्या कारकिर्दीत त्यांनी आठ कथापट पूर्ण केले. दुसरे महायुद्ध, १९४३ चा बंगालचा दुष्काळ आणि १९४७ ची फाळणी यांनी विस्कटलेली कुटुंबे हा त्यांच्या बहुतेक चित्रपटांचा विषय आहे. त्यांच्या चित्रपटांत रणांगण दिसत नाही. दिसते ते घर, आणि जगण्याच्या ओढाताणीत घरातल्या माणसांनी एकमेकांपासून लपवलेल्या गोष्टी. हे लपलेले सत्य उघड होते तेव्हा बहुधा फार उशीर झालेला असतो. घटकांच्या शोकात्मिका या उशिरा झालेल्या ओळखीवर उभ्या आहेत.

प्रारंभिक जीवन

घटकांचा जन्म तत्कालीन पूर्व बंगालमधील ढाका येथे झाला. वडील सुरेशचंद्र घटक हे जिल्हा दंडाधिकारी होते; कविता व नाट्यलेखन हे त्यांचे छंद होते. आईचे नाव इंदुबाला देवी. ऋत्विक आणि प्रतीती ही जुळी भावंडे घरातील सर्वांत धाकटी अपत्ये होती. थोरले बंधू मनीष घटक हे 'कल्लोळ' काळातील नामवंत बंगाली लेखक होते. ज्ञानपीठ पुरस्कारप्राप्त लेखिका महाश्वेता देवी या मनीष घटकांच्या कन्या, म्हणजे ऋत्विक यांच्या पुतणी होत.

ऋत्विक यांचे बालपण व शिक्षण मोठ्या प्रमाणावर पद्मा नदीकाठच्या राजशाही येथे झाले. नदी, नावाडी, लोकगीते आणि जत्रा हे बंगाली लोकनाट्य यांचे संस्कार त्यांच्यावर याच काळात झाले. पुढे त्यांच्या जवळजवळ प्रत्येक चित्रपटात नदी येते, पण ती बहुधा ओलांडता न येणारी किंवा आटत चाललेली असते. १९४८ साली बहरामपूर येथील कृष्णनाथ महाविद्यालयातून त्यांनी बी.ए. पदवी मिळवली. कलकत्ता विद्यापीठात इंग्रजी विषयात एम.ए.साठी त्यांनी प्रवेश घेतला, परंतु लेखन व नाटक यांच्या ओढीने ते शिक्षण अपुरे राहिले.

युद्ध, दुष्काळ आणि फाळणी

१९४२ साली जपानने ब्रह्मदेश जिंकल्यानंतर बंगाल हा युद्धाच्या सीमेवरील प्रांत झाला. ब्रह्मदेशातून होणारी तांदळाची आवक बंद पडली. शत्रूच्या हाती पडू नयेत म्हणून ब्रिटिश सरकारने किनारी जिल्ह्यांतील धान्यसाठे व नौका काढून घेतल्या. सैन्यासाठीची खरेदी, साठेबाजी व भाववाढ यांची त्यात भर पडली आणि १९४३ च्या दुष्काळात लक्षावधी लोक मृत्युमुखी पडले. ऋत्विक यांचे वय त्या वेळी अठराच्या आत होते. या दुष्काळातून सावरण्याआधीच १९४६ च्या दंगली आणि १९४७ ची फाळणी यांना बंगाल सामोरा गेला. घटकांचे जन्मगाव ढाका व बालपणीचे राजशाही ही दोन्ही ठिकाणे पूर्व पाकिस्तानात गेली आणि ते स्वतः कलकत्त्यात स्थायिक झाले.

ही ताटातूट त्यांच्या स्वतःच्या घरातही घडली. जुळी बहीण प्रतीती यांचा विवाह कुमिल्ला येथील नेते धीरेंद्रनाथ दत्त यांच्या मुलाशी झाला होता आणि त्या सीमेपलीकडे राहिल्या. पाकिस्तानच्या संविधान सभेत १९४८ मध्ये बंगाली भाषेच्या मान्यतेची मागणी प्रथम मांडणारे सदस्य म्हणून धीरेंद्रनाथ दत्त ओळखले जातात. मार्च १९७१ मध्ये पाकिस्तानी सैन्याने त्यांना घरातून धरून नेले व त्यानंतर ठार मारले. दोन तीरांवर राहिलेली भावंडे ही घटकांच्या चित्रपटांत पुन्हा पुन्हा येणारी प्रतिमा आहे.

रंगभूमी

१९४३ साली मुंबईत स्थापन झालेल्या भारतीय जननाट्य संघाच्या (इप्टा) बंगाल शाखेने विजन भट्टाचार्य यांचे दुष्काळावरील 'नवान्न' हे नाटक १९४४ मध्ये रंगभूमीवर आणले. या नाटकाच्या प्रभावातून घटक कथालेखनाकडून नाटकाकडे वळले. १९४८ साली त्यांनी 'कालो सायर' हे पहिले नाटक लिहिले व पुढे 'नवान्न'च्या पुनर्प्रयोगात भूमिकाही केली. फाळणीच्या निर्वासितांवरील त्यांच्या 'दलिल' या नाटकाला १९५३ मध्ये मुंबईत भरलेल्या इप्टाच्या अखिल भारतीय संमेलनात पहिले पारितोषिक मिळाले. त्यांनी गोगोल व गॉर्की यांची नाटके बंगालीत आणली, तसेच ब्रेख्तच्या नाटकांचे अनुवाद केले.

घटक भारतीय कम्युनिस्ट पक्षाचे सभासद होते. कलाक्षेत्रातील पक्षाच्या भूमिकेविषयी त्यांनी १९५४ मध्ये एक विस्तृत टिपण सादर केले. नेतृत्वाशी झालेल्या मतभेदांतून १९५५ साली त्यांना पक्षातून काढून टाकण्यात आले. त्याच वर्षी इप्टाच्या कार्यकर्त्या सुरमा यांच्याशी त्यांचा विवाह झाला.

चित्रपटाकडे वळण

निमाई घोष यांच्या 'छिन्नमूल' (१९५०) या निर्वासितांवरील चित्रपटात घटकांनी अभिनय केला व दिग्दर्शन-साहाय्यही केले. कलकत्त्यातील कनिष्ठ मध्यमवर्गीय कुटुंबाची घसरण दाखवणारा 'नागरिक' हा त्यांचा पहिला पूर्ण चित्रपट १९५२ साली तयार झाला, परंतु तो त्यांच्या हयातीत प्रदर्शित होऊ शकला नाही. तो १९७७ मध्ये पडद्यावर आला.

१९५० च्या दशकाच्या मध्यास ते मुंबईत फिल्मिस्तान या संस्थेच्या कथाविभागात काम करत होते. हृषीकेश मुखर्जी यांचा दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट 'मुसाफिर' (१९५७) याच्या पटकथेत त्यांचा सहभाग होता. बिमल रॉय यांच्या 'मधुमती' (१९५८) या गाजलेल्या हिंदी चित्रपटाची कथा घटकांची आहे. वाड्यात दडपलेला एक मृत्यू आणि पुढच्या पिढीत त्याला फुटलेली वाचा हे तिचे सूत्र आहे. व्यावसायिकदृष्ट्या हे त्यांचे सर्वांत यशस्वी लेखन ठरले. तथापि मुंबईत त्यांचे मन रमले नाही व ते कलकत्त्याला परतले.

सुबोध घोष यांच्या कथेवरील 'अजांत्रिक' (१९५८) हा छोटा नागपूरच्या पठारावरील एक टॅक्सीचालक आणि त्याची 'जगद्दल' नावाची जुनाट मोटार यांच्या नात्याचा चित्रपट आहे. तो १९५९ च्या व्हेनिस चित्रपट महोत्सवात दाखवण्यात आला. त्यानंतर घरातून पळून महानगरात आलेल्या मुलाची कथा सांगणारा 'बाडी थेके पालिये' आला.

फाळणीविषयक चित्रपटत्रयी

'मेघे ढाका तारा' (१९६०), 'कोमल गांधार' (१९६१) आणि 'सुबर्णरेखा' (निर्मिती १९६२, प्रदर्शन १९६५) हे तीन चित्रपट फाळणीची त्रयी म्हणून एकत्रितपणे ओळखले जातात. त्यांची कथानके मात्र स्वतंत्र आहेत.

मेघे ढाका तारा

शक्तिपद राजगुरू यांच्या कथेवरील या चित्रपटात कलकत्त्याच्या बाहेरील निर्वासित वसाहतीत राहणारे एक शिक्षकाचे कुटुंब आहे. वडील काम करण्यास असमर्थ झाल्यावर थोरली मुलगी नीता (सुप्रिया चौधरी) शिक्षण सोडून नोकरी धरते आणि सारे घर तिच्या मिळकतीवर चालू लागते. नीताचे लग्न झाले तर ही मिळकत थांबेल, हे आईला कळते, पण तसे बोलून दाखवले जात नाही. नीताचा प्रियकर तिच्या धाकट्या बहिणीशी विवाह करतो आणि आई तो घडू देते. पुढे नीताला क्षयरोग जडतो. घरावर नवा भार नको म्हणून ती तो लपवते आणि वेगळ्या खोलीत राहू लागते. मुंबईत गायक म्हणून नाव मिळवून परतलेला थोरला भाऊ शंकर (अनिल चटर्जी) तिच्याजवळची लपवलेली वस्तू प्रेमपत्र समजून थट्टेने ओढून घेतो, तर हाती रक्ताने माखलेला रुमाल येतो. शिलाँगच्या आरोग्यधामात, जगण्याची इच्छा मोठ्याने बोलून दाखवणाऱ्या नीताच्या आक्रोशावर कथा शेवटाला येते.

या कुटुंबात कोणीही खलनायक नाही. आईचा कठोरपणा हा चुलीची चिंता वाहणाऱ्या बाईचा कठोरपणा आहे. आईच्या प्रसंगांत शिजणाऱ्या भाताचा आवाज आणि नीतावर आघात होतो तेव्हा चाबकाच्या फटकाऱ्यांचा ध्वनी योजून घटकांनी हे सूचित केले आहे. घटकांच्या हयातीत प्रेक्षकांचा चांगला प्रतिसाद मिळालेला हा त्यांचा जवळजवळ एकमेव चित्रपट होय.

कोमल गांधार

फुटीर झालेल्या नाट्यसंस्थांच्या कलावंतांची ही कथा आहे. अनसूया आणि भृगू ही दोघे पद्माकाठी येतात. त्यांचे गाव समोरच्या तीरावर आहे आणि ते आता परदेश झाले आहे. एके काळी पुढे जाणारा लोहमार्ग येथे संपतो. कॅमेरा रुळांवरून वेगाने धावत जाऊन अडथळ्यावर आदळतो व पडदा काळा होतो. त्रयीतील हा एकच चित्रपट मीलनाने संपतो. इप्टातील फुटीवरील टीकेमुळे तो वादग्रस्त ठरला आणि आर्थिकदृष्ट्या अपयशी झाला. या अपयशाचा घटकांवर खोल परिणाम झाला.

सुबर्णरेखा

निर्वासित वसाहतीत लहान बहीण सीतेसह आलेला ईश्वर (अभि भट्टाचार्य) आईपासून तुटलेल्या अभिराम या मुलालाही आपल्याजवळ ठेवून घेतो. सुबर्णरेखा नदीकाठी नोकरी मिळताच तो मुलांसह तिकडे जातो. तेथे महायुद्धकाळातील एक ओसाड धावपट्टी व विमानाचा सांगाडा आहे. सीता आणि अभिराम यांचे हे खेळण्याचे ठिकाण होते. याच धावपट्टीवर कालीच्या वेषातील एक बहुरूपी अचानक सीतेसमोर येतो आणि ती भयाने गारठते. युद्ध संपले असले तरी त्याने मागे टाकलेल्या अवशेषांतच पुढची पिढी वाढते, ही या चित्रपटाची मध्यवर्ती कल्पना आहे.

मोठेपणी सीता (माधवी मुखर्जी) व अभिराम प्रेमात पडतात. रेल्वे स्थानकावर मरणासन्न अवस्थेतील एका स्त्रीला अभिराम आई म्हणून ओळखतो आणि तो बागदी या अस्पृश्य मानल्या गेलेल्या जातीचा आहे हे उघड होते. नोकरीतील बढतीच्या आशेने ईश्वर या विवाहास नकार देतो. सीता लग्नाच्या दिवशी घर सोडून अभिरामसह कलकत्त्यास जाते. तेथे बसचालक झालेल्या अभिरामच्या हातून अपघात घडतो व जमाव त्याला ठार मारतो. लहान मुलासह एकटी उरलेली सीता देहविक्रयाच्या उंबरठ्यावर येते. तिच्याकडे येणारा पहिला पुरुष हा मद्याच्या अंमलाखालील, चष्मा हरवलेला तिचा भाऊच असतो. भावाला ओळखताच ती घरातील विळीने आपला जीव घेते. सीतेचा मुलगा बिनू याला घेऊन ईश्वर पुन्हा नदीकडे निघतो, येथे चित्रपट संपतो.

हा योगायोग अनेक समीक्षकांना अतिरंजित वाटला. घटकांचे उत्तर असे होते की, ज्या समाजाने आपल्या मुलींना त्या दारापर्यंत आणून सोडले, त्या समाजातील कोणत्याही पुरुषाला त्या दारात आपली बहीणच भेटणार. त्यांच्या मते योगायोग हा येथे कथेतील दोष नसून तिचा आशय होता.

पुण्यातील अध्यापन

'कोमल गांधार'च्या अपयशानंतर आणि 'सुबर्णरेखा'चे प्रदर्शन लांबल्यामुळे घटक आर्थिक अडचणीत आले व त्यांचे मद्यपान वाढले. १९६० च्या दशकाच्या मध्यास त्यांनी पुणे येथील फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये काही काळ अध्यापन केले व उपप्राचार्यपद सांभाळले. पूर्वीच्या प्रभात स्टुडिओच्या आवारात १९६० मध्ये सुरू झालेली ही संस्था त्या वेळी नवी होती. कुमार शहानी, मणी कौल व जॉन अब्राहम हे त्यांचे विद्यार्थी पुढे नव्या भारतीय चित्रपटाचे महत्त्वाचे दिग्दर्शक झाले. यांपैकी शहानी यांचा जन्म सिंधमधील लारकाना येथील असून फाळणीनंतर त्यांचे कुटुंब मुंबईत आले होते. घटकांचा पुण्यातील काळ अल्प होता, तरी आपल्या कारकिर्दीतील तो मोलाचा भाग असल्याचे ते मानत.

उत्तरकाळ

१९६० च्या दशकाच्या उत्तरार्धात अनेक चित्रपट अर्धवट राहिले आणि प्रकृती खालावली. १९६९ मध्ये मनोरुग्णालयात उपचार घेत असताना त्यांनी 'सेई मेये' हे नाटक लिहिले व तेथील रुग्णांना घेऊन बसवले. १९७० साली भारत सरकारने त्यांना पद्मश्री देऊन गौरवले.

बांगलादेशाच्या स्वातंत्र्ययुद्धानंतर घटकांना आपल्या जन्मभूमीत चित्रपट करण्याची संधी मिळाली. अद्वैत मल्लबर्मन यांच्या कादंबरीवर त्यांनी 'तिताश एकटि नदीर नाम' (१९७३) हा मालो मच्छीमार समाजाचा चित्रपट तेथे चित्रित केला. किशोर या तरुणाची नववधू नदीवर दरोडेखोर पळवून नेतात व तो वेडा होतो. ती वाचते आणि काही वर्षांनी मुलासह त्याच गावी येते. नवऱ्याचे नाव व चेहरा तिला ठाऊक नसतो आणि त्याला स्वतःचेही भान नसते. दोघे शेजारी राहतात व एकमेकांना ओळखतात ते मृत्यूच्या क्षणी. शेवटी नदीच आटते आणि तिच्यावर जगणारा समाज विखुरतो. या चित्रीकरणाच्या काळात घटक क्षयाने गंभीर आजारी पडले.

'जुक्ती तक्को आर गप्पो' (निर्मिती १९७४) हा त्यांचा अखेरचा कथापट बराचसा आत्मचरित्रात्मक आहे. नीलकंठ बागची या मद्यासक्त बुद्धिवंताची भूमिका त्यांनी स्वतः केली. पत्नी व मुलाने सोडून गेलेला नीलकंठ १९७१ च्या युद्धातून आलेली निर्वासित तरुणी बंगबाला, एक बेकार तरुण आणि एक वृद्ध संस्कृत शिक्षक यांच्यासह भटकतो व शेवटी जंगलात पोलिसांच्या गोळीने मरतो. नीलकंठच्या मुलाची भूमिका घटकांचा मुलगा ऋतबान याने केली. इतर चित्रपटांतील माणसे आपले अपयश लपवतात. येथे दिग्दर्शकाने स्वतःचे अपयश, कोणतीही सबब पुढे न करता, पडद्यावर मांडले आहे. या चित्रपटाच्या कथेसाठी त्यांना राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार मिळाला.

६ फेब्रुवारी १९७६ रोजी, वयाच्या पन्नासाव्या वर्षी, कोलकात्यात त्यांचे निधन झाले. शिल्पकार रामकिंकर बैज यांच्यावरील त्यांचा माहितीपट अपूर्ण राहिला.

शैली

घटकांनी मेलोड्रामा हा प्रकार कमी प्रतीचा मानला नाही. जत्रा व लोककथा यांतील थेट भावना, मोठे आवाज व ठळक योगायोग त्यांनी हेतुपुरस्सर वापरले. कार्ल युंग यांच्या आदिबंधांच्या संकल्पनेचा त्यांच्यावर प्रभाव होता. त्यांच्या स्त्री व्यक्तिरेखांमागे दुर्गा, सीता, शकुंतला यांची छाया असते. 'मेघे ढाका तारा'तील नीताचे जाणे हे उमेच्या सासरी जाण्याच्या बंगाली परंपरेशी जोडलेले आहे. रुंद भिंगाचा वापर, चौकटीच्या कडेला ढकललेले चेहरे, रागसंगीत, बाउल व रवींद्र संगीत यांचा मेळ आणि अवास्तव ध्वनी ही त्यांच्या शैलीची आणखी काही वैशिष्ट्ये आहेत.

वारसा

हयातीत घटकांच्या बहुतेक चित्रपटांना प्रेक्षक लाभले नाहीत. मृत्यूनंतर मात्र भारतात व परदेशांत त्यांच्या कार्याचे पुनर्मूल्यांकन झाले. 'तिताश'ची वर्ल्ड सिनेमा फाउंडेशनने पुनर्स्थापित केलेली प्रत २०१० च्या कान महोत्सवात दाखवण्यात आली. राजशाही येथील घटक कुटुंबाचे जुने घर ऑगस्ट २०२४ मध्ये पाडण्यात आले. २०२५ हे त्यांचे जन्मशताब्दी वर्ष होते. फाळणीची चर्चा पंजाबच्या संदर्भात अधिक होत आली असली, तरी बंगालमधील दीर्घकाळ चाललेल्या विस्थापनाचा चित्रपटातील सर्वांत महत्त्वाचा दस्तऐवज म्हणून घटकांच्या चित्रपटांकडे पाहिले जाते.

दिग्दर्शित कथापट

नागरिक (निर्मिती १९५२, प्रदर्शन १९७७)
अजांत्रिक (१९५८)
बाडी थेके पालिये (१९५९)
मेघे ढाका तारा (१९६०)
कोमल गांधार (१९६१)
सुबर्णरेखा (निर्मिती १९६२, प्रदर्शन १९६५)
तिताश एकटि नदीर नाम (१९७३)
जुक्ती तक्को आर गप्पो (निर्मिती १९७४, प्रदर्शन १९७७)